कानामागचा निळा डाग

(ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं वाटतं, त्यांच्यासाठी हा भाग नेहमीप्रमाणे लिहून काढलाय. बोलतानाचं अडखळणं तेवढं काढलंय, बाकी तसंच ठेवलंय.)

बोईसरहून मी पुन्हा तुमच्या कानात.

आज ‘कानात’ हा शब्द मुद्दाम वापरतोय. आत्ता इअरफोन लावला असेल तर माझा आवाज तुमच्या कानाच्या पडद्यावर आपटतोय, तिथून तीन चिमुकल्या हाडांवरून आत सरकतोय आणि शेवटी एका जाड, टणक हाडात कोरलेल्या गोगलगायीसारख्या पोकळीत पोचतोय. ते हाड म्हणजे टेम्पोरल बोन. मराठी पुस्तकांत त्याला शंखास्थि म्हणतात. कवटीचा तळ ज्या हाडांचा बनलाय, त्यातलं हे एक. आजची गोष्ट या तळाला जाणाऱ्या तड्याची आहे. माणसांनी तो तडा ओळखायला कसं शिकलं, आणि तो जाऊ नये म्हणून काय काय केलं, त्याची.

आणि हो, बाईक चालवत ऐकत असाल तर आधी गाडी बाजूला घ्या. का ते कळेलच.

माझ्या मावसभावाची गोष्ट

त्याला विचारून सांगतोय, फक्त नाव सांगणार नाही. तो तारापूर एमआयडीसीत कामाला. जुलैचा महिना, सेकंड शिफ्ट सुटलेली, रात्रीचे साडेअकरा. बोईसर–चिल्हार रस्ता आपल्याला माहितीच आहे. पावसात खड्डा कुठला आणि डबकं कुठलं, ते चाक आत गेल्यावरच कळतं. त्याचं चाक गेलं. हेल्मेट होतं, पण आरशाला लटकवलेलं. डोक्याची डावी बाजू रस्त्यावर आपटली.

उठला. गाडी उचलली. चालवत घरी आला. एकदा उलटी झाली. कोपर खरचटलेलं, पण डोक्याला जखम नाही. मावशी म्हणाली, “रक्त नाही आलं ना, मग वाचलास रे बाबा.” सकाळी जवळच्या एका दवाखान्यात दाखवलं. तिथे कोपराला ड्रेसिंग झालं, दुखण्याची गोळी मिळाली, “आराम करा” म्हणाले. नाकातून पातळ पाणी येत होतं. पावसात भिजलाय, सर्दी झाली असणार, असं सगळ्यांनी धरून चाललं. त्याने वाफ घेतली, नाक जोरजोरात शिंकरलं. डावा कान दडा बसल्यासारखा झाला होता. पाणी गेलं असेल, म्हणाला.

तिसऱ्या दिवशी दाढी करायला सलूनमध्ये गेला. सलूनवाल्याने डोकं वळवलं आणि विचारलं, “भाऊ, कानामागे कोणी मारलं काय?” डाव्या कानामागे जे हाडाचं उंचवटं लागतं ना, तिथे निळा-जांभळा डाग उमटला होता. तिथे तर काहीच लागलं नव्हतं.

माझी मामी नर्स होती, आता रिटायर झालीय. तिने तो डाग पाहिला आणि एकच प्रश्न विचारला, “नाकातलं पाणी तोंडात उतरतं तेव्हा कसं लागतं?” तो म्हणाला, “खारट.” मामीने पदर खोचला आणि गाडी मागवली. सीटी स्कॅनमध्ये शंखास्थितून गेलेली एक बारीक रेघ दिसली. तिथल्या तरुण डॉक्टरने दुसऱ्याला सांगितलं, “बॅटल साईन आहे.” मी शेजारीच उभा होतो. मला वाटलं, बॅटल म्हणजे लढाई. पेशंट लढतोय, असं काहीतरी म्हणत असतील.

घरी येऊन शोधलं. बॅटल हे एका माणसाचं आडनाव आहे. तिथून हा भाग सुरू झाला.

तळ म्हणजे नेमकं काय?

आपण डोक्याला हात लावतो तो कवटीच्या घुमटाला. त्या घुमटाखाली मेंदू ज्यावर बसतो ती जमीन म्हणजे तळ. ती सपाट नाही. पुढून मागे तीन पायऱ्या उतरत जातात. सगळ्यात वरची पायरी डोळ्यांच्या आणि नाकाच्या वर, मधली कानांच्या पातळीला, सगळ्यात खालची मानेवर. जागोजागी भोकं आहेत, कारण डोळ्यांच्या नसा, चेहऱ्याच्या नसा, मेंदूला रक्त नेणाऱ्या धमन्या, सगळ्यांना इथूनच जावं लागतं. मागच्या पायरीत एक मोठं भोक आहे, त्यातून मज्जारज्जू खाली उतरतो. नाकाच्या वर तर अक्षरशः चाळणी आहे. वास ओळखणाऱ्या नसा तिच्या छिद्रांतून खाली येतात.

म्हणजे काही ठिकाणी दगडासारखं हाड, काही ठिकाणी कागदासारखं, आणि मध्ये भोकं. देवळात नारळ फोडताना बघा. आपटतो एका जागी, चीर धावते भलतीकडे. इथेही तसंच होतं. मार घुमटाला बसतो आणि तडा तळाला जाऊ शकतो. बाहेर मात्र कातडी शाबूत.

मेंदूभोवती एक पातळ आवरण असतं आणि त्याच्या आत पाणी. त्याला सीएसएफ म्हणतात. मोठ्या माणसात एका वेळी साधारण १५० मिली, म्हणजे दोन कटिंग चहाइतकं. तळाच्या तड्याबरोबर ते आवरण फाटलं, तर हे पाणी नाकातून किंवा कानातून गळतं. माझ्या भावाचं हाड कानापाशी तडकलं, मग पाणी नाकातून का आलं? कानाचा पडदा फाटला नव्हता, म्हणून पाण्याला बाहेरची वाट नव्हती. मधल्या कानातून नाकामागे एक नळी जाते, तीच जी विमानात किंवा घाटात कान दडे बसले की आवंढा गिळून आपण उघडतो. पाणी त्या नळीने खाली आलं. आम्ही त्याला सर्दी समजलो.

यात घाबरण्यासारखं असतं ते दुसरंच. ज्या वाटेने पाणी बाहेर येतं, त्याच वाटेने नाकातले जंतू आत जाऊ शकतात. मग मेंदूच्या आवरणाला सूज येते, म्हणजे मेनिंजायटिस. नाक जोरात शिंकरलं तर हवासुद्धा कवटीच्या आत ढकलली जाते. माझ्या भावाने दोन दिवस तेच केलं होतं.

तीन हजार वर्षं फक्त डोळ्यांनी

आता मागे जाऊ. एडविन स्मिथ नावाच्या एका अमेरिकन माणसाने १८६२ साली इजिप्तमध्ये लक्सरला एक जुना पपायरस विकत घेतला. तो इसवी सनापूर्वी १६०० च्या आसपास लिहिलेला आहे. जेम्स ब्रेस्टेड या अभ्यासकाने १९३० साली त्याचं भाषांतर छापलं, तेव्हा जग चकित झालं. त्यात ४८ रुग्णांची टिपणं आहेत, डोक्यापासून सुरुवात करून खाली येत गेलेली. आणि डोक्याच्या जखमांमध्ये तो अनामिक वैद्य पुन्हा पुन्हा बघतो ते हे, की नाकातून रक्त येतंय का, कानातून येतंय का, मान ताठ झालीय का. प्रत्येक रुग्णाच्या शेवटी तीनपैकी एक निकाल असतो. हा मी बरा करीन, याच्याशी मी झुंजून बघीन, किंवा याच्यावर उपचार नाहीत. कान-नाकातल्या रक्ताचा संबंध आतल्या तुटलेल्या हाडाशी आहे, हे त्याने ताडलं होतं.

आपल्याकडे सुश्रुतसंहितेत हाडांचे प्रकार आणि प्रत्येक प्रकार कसा मोडतो, हे सांगितलंय. कोवळी हाडं वाकतात, नळीसारखी मोडतात, कपालासारखी चपटी हाडं फुटून तडकतात, आणि दात फुटतात. सगळी हाडं एकसारखी मोडत नाहीत, हे निरीक्षण किती जुनं आहे बघा.

पण तळच का तडकतो, यावर युरोपात बराच काळ वाद चालला. समजूत अशी होती की एका बाजूला मार बसला की धक्का उलट्या बाजूला पोचतो आणि तिथलं हाड फोडतो. १८४४ साली फ्रांस्वा-अमिल्कार आराँ या फ्रेंच डॉक्टरने शवांवर प्रयोग करून दाखवलं की बहुतेक वेळा तडा जिथे मार बसला तिथूनच निघतो आणि जवळच्या वाटेने तळाकडे धावतो. म्हणजे नारळाचीच चीर. कपाळावर मार बसला तर पुढची पायरी, कानाच्या वर बसला तर मधली, डोक्याच्या मागे बसला तर मागची. माझ्या भावाची डावी बाजू आपटली होती आणि रेघ डाव्याच कानाच्या हाडात होती. आराँच्या हिशोबात तो चपखल बसला.

आणि मग मिस्टर बॅटल

विल्यम हेन्री बॅटल, जन्म १८५५, मृत्यू १९३६. लंडनच्या सेंट थॉमस हॉस्पिटलचा सर्जन. १८९० साली त्याने डोक्याच्या इजांवर व्याख्यानं दिली. त्यात त्याने कानामागच्या या डागाकडे लक्ष वेधलं. आतल्या तड्यातून रक्त झिरपतं आणि हळूहळू कातडीखाली पोचतं. म्हणूनच डाग लगेच दिसत नाही, सहसा एक-दोन दिवस लागतात. पहिल्या दिवशी दवाखान्यात कानामागे बघितलं असतं तरी कदाचित काही दिसलं नसतं. पण उलटी, दडा बसलेला कान आणि गळणारं नाक तेव्हाही होतंच. विचारायला हवं होतं.

साल लक्षात घ्या, १८९०. राँटगेनला एक्स-रे सापडले १८९५ च्या नोव्हेंबरमध्ये. म्हणजे बॅटलकडे आत डोकावायचं कुठलंच यंत्र नव्हतं. रुग्ण रोज बघायचा आणि बदल टिपून ठेवायचे, एवढंच साधन. सलूनवाल्याने तेच केलं. कानामागे नीट बघितलं.

असाच दुसरा डाग डोळ्यांचा. पुढच्या पायरीला तडा गेला की दोन्ही डोळ्यांभोवती काळंनिळं वर्तुळ येतं, डोळ्यांना मार लागलेला नसतानाही. इंग्रजीत त्याला रॅकून या प्राण्याचं नाव आहे. आणि उशीच्या अभ्र्यावर कधी रक्ताचा ठिपका आणि भोवती फिकट पाण्याचं कडं दिसतं. त्यावरून शंका घ्यायची, खात्री मात्र लॅबमध्येच होते.

एक्स-रे आले तरी तळाचं कोडं सुटलं नाही. इतकी हाडं एकावर एक येतात की साध्या फिल्मवर बारीक तडा हरवून जातो. ते सुटलं सीटी स्कॅनमुळे. गॉडफ्रे हाउन्सफील्ड या इंजिनिअरच्या यंत्रात १ ऑक्टोबर १९७१ रोजी लंडनच्या ॲटकिन्सन मॉर्ली हॉस्पिटलमध्ये पहिल्या रुग्णाचं डोकं स्कॅन झालं. तो ज्या कंपनीत होता ती ईएमआय, म्हणजे गाण्यांच्या रेकॉर्ड काढणारी कंपनी. तुमच्या आजोबांकडे कुत्रा आणि कर्णा छापलेल्या एचएमव्हीच्या तबकड्या असतील ना, तेच घराणं. हाउन्सफील्डला १९७९ साली ॲलन कॉर्मॅकबरोबर नोबेल मिळालं. ऐकायच्या धंद्यातल्या कंपनीने डोक्याच्या आत बघायचं यंत्र काढलं.

हेल्मेट आलं कुठून?

आता तडा ओळखण्याकडून तो टाळण्याकडे येऊ. १३ मे १९३५. इंग्लंडमधला एक अरुंद रस्ता. लॉरेन्स ऑफ अरेबिया म्हणून प्रसिद्ध असलेला टी. ई. लॉरेन्स ब्रो सुपिरिअर मोटरसायकलवरून येत होता. समोर सायकलवर दोन मुलं, त्यांना वाचवताना तो फेकला गेला. हेल्मेट नव्हतं. सहा दिवस बेशुद्ध राहून १९ मे रोजी तो गेला. त्याला बघायला आलेल्या डॉक्टरांत ह्यू केर्न्स नावाचा मेंदूचा सर्जन होता.

हा माणूस ते विसरला नाही. दुसरं महायुद्ध सुरू झालं तेव्हा ब्रिटिश सैन्यात निरोप पोचवणारे जवान मोटरसायकलवरून अंधारात धावत आणि रणांगणावर जाण्याआधीच रस्त्यावर मरत. केर्न्सने त्यांच्या डोक्याच्या इजा तपासल्या आणि १९४१ साली लेख छापला. हेल्मेट घातलेले मोजकेच होते, पण त्यांच्या इजा सौम्य होत्या. त्याच वर्षी सैन्याने मोटरसायकलस्वारांना हेल्मेट सक्तीचं केलं. ब्रिटनच्या सामान्य लोकांसाठी कायदा यायला मात्र १९७३ साल उजाडलं. आपल्या १९८८ च्या मोटार वाहन कायद्यात कलम १२९ आहेच, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर हेल्मेट नसेल तर हजार रुपये दंड.

एक खरं सांगतो, हेल्मेट म्हणजे ताईत नव्हे. हनुवटीवर जोरात मार बसला तर जबड्याचा सांधा थेट कवटीच्या तळाला टेकलेला असतो, धक्का तिथे पोचतो. म्हणून तोंड झाकणारं हेल्मेट बरं, आणि पट्टा लावलेलाच हवा. पट्टा न लावलेलं हेल्मेट आपल्या आधी उडून जातं. आरशाला लटकवलेलं तर आरशाचंच डोकं वाचवतं.

चारोटीचा पूल

आता आपल्या दाराशी येऊ. बोईसरहून चिल्हार फाट्याला गेलं आणि अहमदाबादच्या दिशेला वळलं की मेंढवणची खिंड लागते आणि पुढे चारोटीजवळ सूर्या नदीचा पूल. ४ सप्टेंबर २०२२, रविवार दुपार. टाटा सन्सचे माजी अध्यक्ष सायरस मिस्त्री उदवाड्याहून मुंबईला परत चालले होते. गाडी पुलाच्या कठड्यावर आदळली. मागच्या सीटवर ते आणि आणखी एक जण. पोलिसांच्या म्हणण्यानुसार दोघांनीही बेल्ट लावला नव्हता. दोघेही गेले. पुढच्या सीटवरचे दोघे गंभीर जखमी झाले, पण वाचले. त्यांना आधी वापीला आणि मग मुंबईला हलवावं लागलं.

मिस्त्रींच्या जखमांचा तपशील हा आपला विषय नाही. विषय आहे गाडी थांबते तेव्हा डोक्याचं काय होतं, हा. गाडी कठड्याला थांबते, पण बेल्ट नसलेलं शरीर त्याच वेगाने पुढे जातं आणि समोर जे असेल त्याला थांबतं. मागच्या सीटवर बेल्ट लावायचा नियम तेव्हाही होता. पण मागे बसलेल्याला बेल्ट लागत नाही, असा आपल्याकडे एक अलिखित नियम होता आणि तोच पाळला जायचा. त्या अपघातानंतर मागच्या बेल्टबद्दल देशभर चर्चा झाली. आपल्यासाठी तो रोजचा रस्ता आहे.

बेल्ट असूनही तळ तुटू शकतो का? रेसिंगवाल्यांना हे फार महागात कळलं. त्यांचं शरीर पट्ट्यांनी घट्ट बांधलेलं असतं, डोकं मात्र मोकळं. गाडी भिंतीवर आदळली की डोकं हेल्मेटच्या वजनासकट पुढे फेकलं जातं आणि मान कवटीच्या तळाला ओढते. १९९४ साली इमोलात फॉर्म्युला वनचा रोलँड रॅट्झेनबर्गर आणि १८ फेब्रुवारी २००१ रोजी डेटोनात डेल अर्नहार्ट यांचा मृत्यू तळाच्या फ्रॅक्चरने झाला. यावरचा उपाय तेव्हा तयार होता. रॉबर्ट हबर्ड या अमेरिकन प्राध्यापकाने आणि त्याचा मेहुणा, रेसर जिम डाउनिंगने १९८० च्या दशकातच खांद्यावर बसणारी एक कॉलर बनवली होती. तिचे पट्टे हेल्मेटला अडकवून डोकं धरून ठेवतात. नाव हान्स. पण ड्रायव्हर म्हणायचे, अडचण होते. फॉर्म्युला वनमध्ये ती सक्तीची झाली २००३ मध्ये.

“गरम होतं”, “केस बसतात”, “इथेच तर जायचंय”. आपली कारणं आणि त्यांची कारणं फार वेगळी नाहीत.

आपण काय करायचं?

माझ्या भावाचं पुढे काय झालं ते सांगतो. मुंबईच्या हॉस्पिटलमध्ये आठ दिवस. उशाकडची बाजू उंच करून पडून राहायचं, नाक शिंकरायचं नाही, शौचाला जोर करायचा नाही. बहुतेक वेळा गळती अशीच आपोआप थांबते, हाडही आपलं आपण भरतं. नाहीच थांबली तर ऑपरेशन. पूर्वी त्यासाठी कवटी उघडायचे, वॉल्टर डँडीने १९२६ साली पहिल्यांदा अशी गळती बंद केली. आता बऱ्याचदा नाकातून दुर्बीण घालून काम होतं. माझ्या भावाला त्याची गरज पडली नाही.

तुमच्यासमोर कोणी पडलं तर एवढं करा. १०८ ला फोन. मान न वळवता त्याला तसंच राहू द्या, उगाच बसवू नका, पाणी पाजू नका. उलटी होत असेल तर डोकं, मान, पाठ एका रेषेत ठेवून दोघातिघांनी मिळून कुशीवर वळवा. कानातून-नाकातून रक्त किंवा पाणी येत असेल तर कापूस कोंबू नका, थेंब घालू नका, फक्त वरून स्वच्छ कापड धरा. पोलिसांची भीती बाळगू नका, २०१९ च्या दुरुस्तीने मदत करणाऱ्याला संरक्षण दिलंय. आणि माणूस उठून घरी गेला तरी दोन-तीन दिवस लक्ष ठेवा. उलटी, वाढती डोकेदुखी, गुंगी, एका कानाला कमी ऐकू येणं, चेहरा एका बाजूला ओढला जाणं, खारट पाणी, कानामागे किंवा डोळ्यांभोवती काळंनिळं. यातलं काहीही दिसलं की सीटी स्कॅनची सोय असलेल्या हॉस्पिटलमध्येच न्या. रात्र असली तरी.

भाऊ आता कामावर जातो. डाव्या कानाला मात्र कमी ऐकू येतं, तेवढं राहिलं. डाहाणू लोकलमध्ये आम्ही दोघं असलो की तो इअरफोनची डावी बाजू मला देतो आणि उजवी स्वतःला ठेवतो. या भागाचं रेकॉर्डिंग त्याने तसंच ऐकलं. ऐकून झाल्यावर म्हणाला, “सलूनवाल्याचं नीट सांगितलंस. दवाखान्यात कोणी कानामागे बघितलं नव्हतं.”

चला मंडळी, भेटू पुढच्या भागात. निघताना हेल्मेट घाला, आणि पट्टा लावल्याचा ‘टिक’ आवाज ऐका.